बर्लिन अजून पडलं नाही

बेल वाजली. प्रिन्सीने दार उघडलं, तर समोर वरच्या मजल्यावरचा नवा भाडेकरू. गळ्यात हेडफोन, कपाळावर आठ्या.

"तुमच्याकडे युद्ध चालू आहे का?"

"दुसरं महायुद्ध. पहिलं गेल्या आठवड्यात संपलं."

आतून तोफा धडाडल्या. प्रिन्सीचे पपा, फ्रेडरिक, उमेळे गावातली वाडी बिल्डरला दिल्यापासून दिवसभर टीव्हीवर युद्धाचे माहितीपट बघत बसायचे. कान कामातून गेलेले, म्हणून आवाज शेवटच्या टोकाला.

"माझी मीटिंग चालू होती. साहेबांना वाटलं, वसईवर हल्ला झाला. मी वेदांत... हे संपणार कधी?"

"बर्लिन पडलं की."

तो हसला. एकाच गालावर खळी पडली — आणि प्रिन्सीने उगीचच केस कानामागे सारले.

मग तक्रार रोजचीच झाली. तक्रार दारातच राहायची आणि वेदांत पपांशेजारी जाऊन बसायचा. प्रिन्सी त्याच्या हातावर घरची सुकेळी, उन्हात वाळवलेली गोड केळी, ठेवायची. बोटं जरा जास्तच रेंगाळायची...

अशात प्रिन्सीच्या थोरल्या भावाने, क्लिफर्डने, पपांना कानाचं मशीन आणून दिलं. तोफा थंडावल्या. बेलही थंडावली.

प्रिन्सीचा जीव थाऱ्यावर राहीना. जिन्यात पाऊल वाजलं की हिचा डोळा दाराच्या भिंगाला. गॅसवर दूध उतू जायचं. त्यातच शनिवारी वॉचमन म्हणाला, "वरचे साहेब उद्या विरारला चाललेत. टेम्पो सांगितलाय."

ती तरातरा घरात आली, पपांच्या हातातला रिमोट ओढला आणि आवाज चढवत चढवत टोकाला नेला. रणगाडे खोलीभर धडधडले.

"अगो पोरी, कानात मशीन आहे माझ्या!"

बेल वाजली. दारात वेदांत, धापा टाकत.

"बर्लिन पडलं?"

"अजून नाही. आणि तुम्ही पळून चाललात?"

"खाली सगळं शांत झालं, तेव्हापासून कामात लक्षच नाही. तक्रारच उरली नाही, तर यायचं कोणत्या तोंडाने?"

शब्द प्रिन्सीच्या ओठांवर आले... पण मागे पपा बसलेले.

पपांनी टीव्ही बंद केला. मशीन काढून सदऱ्याच्या खिशात टाकलं.

"बोला आता. मला काही ऐकू येत नाही."

"जाऊ नकोस," ती पुटपुटली.

"काय? नीट ऐकू नाही आलं." पुन्हा ती खळी.

मग प्रिन्सी इतक्या मोठ्याने बोलली, की खालच्या मजल्यावरचं कुणीतरी तक्रार करायला जिना चढू लागलं.