विणकाम खात्यातलं एक मिनिट

तुम्ही सुगतला खोटारडा ठरवलंत.

तुमच्या निवड समितीच्या दोन ओळींच्या पत्रात. 'बंद गिरणीच्या दृश्यात यंत्रांचा आवाज नंतर भरला आहे. दृश्य पुन्हा चित्रित करून पाठवा.' खाली सही, शिक्का. ज्या खुर्चीत बसून हे लिहिलंत, तिच्यातून उठून एकदा तरी इंदूरला आलात का?

आवाज कुणी भरलेला नव्हता. घडलं ते असं.

मार्च १९९७. मंगळवार, दुपारचे दोन. गिरणी बंद होऊन पाच वर्षं झालेली.

सुगत एकटाच गेला होता. अकरा वर्षांत त्यानं तीन लहान फिल्म केल्या. लिहायचा तोच, दिग्दर्शक तोच. सुरुवातीला पाच मित्र सोबत होते. मग केबल आली, मालिका आल्या, एकेक जण मुंबईला पळाला. शेवटी कॅमेरावाला अरविंदही गेला. कॅमेरा धरायला माणूस उरला नाही.

ही चौथी फिल्म त्याच्या बापावर होती. शंकरराव याच गिरणीत सव्वीस वर्षं विणकर. गिरणी बंद पडली आणि वर्षभरात ते गेले.

फाटकावर चौकीदार श्रीराम होता.

"भिया, मशिनी तर भंगारात गेल्या. आत फक्त कबुतरं. त्यांनाच हिरो करतो का?"

"कबुतरं नखरे तरी करत नाहीत, श्रीरामजी."

श्रीराम हसला. पण आत काही आला नाही.

शेड रिकामी. जमिनीत मागांचे बोल्ट तेवढे उरलेले.

सुगतची एक पद्धत होती. काम संपलं की त्या जागेची शांतता एक मिनिट टेप करायची. तो कॅमेऱ्यासमोर उभा राहिला, टाळी वाजवली, तारीख बोलला. मग हात खाली सोडून गप्प.

साठ आकडे मोजले.

काहीच ऐकू आलं नाही...

कबुतरंसुद्धा नाहीत.

संध्याकाळी जुनी इंदूर भागातल्या खोलीवर त्यानं टेप लावली. आई, कांताबाई, शेजारी मेथी निवडत होती.

टाळी. तारीख. शांतता...

मग खट्.

एक माग. मग दहा. मग अख्खं खातं सुरू झालं.

सुगतनं टीव्हीचा आवाज पूर्ण बंद केला.

खिडकीची काच थरथरतच राहिली...

आणि पडद्यावरच्या सुगतचे हात हलत होते.

"आई, मी तर हलवले नव्हते."

कांताबाईच्या मांडीवरून मेथी सांडली. मागांच्या खडखडाटात बोललेलं ऐकू येत नाही, म्हणून विणकर हातांनी बोलत. शंकररावांचे कान त्यातच गेले. मग घरीही ते बायकोशी तसेच बोलायचे. सुगतला त्या खुणा कधी जमल्या नाहीत.

"हा तू नाहीस रे," ती म्हणाली. "चहात साखर कमी पडली की ते असंच मनगट झटकायचे."

"काय म्हणताहेत?"

ती पडद्याजवळ सरकली.

"पुढच्या शिफ्टचा माणूस आला नाही म्हणतात. चालता माग त्याच्या हातात दिल्याशिवाय सोडायचा नसतो. घरी कसा येऊ, म्हणतात."

पडद्यावरचं बोट वर झालं...

थेट सुगतकडे.

कांताबाईनं टीव्हीची वायर उपटली.

सुगतनं फिल्म आहे तशीच तुमच्या महोत्सवाला पाठवली. दोन महिन्यांनी तुमचं पत्र आलं.

"जाने दे ना रे," आई म्हणाली. "नको ती फिल्म. तिकडे पाय टाकू नकोस."

"माझ्याकडे दुसरं काय आहे, आई? अकरा वर्षं घातली यात."

शुक्रवारी दोन वाजता श्रीरामनं त्याला आत जाताना पाहिलं.

बाहेर येताना कुणीच पाहिलं नाही.

पोलिसांना तिवईवर कॅमेरा मिळाला. टेपमध्ये टाळी, तारीख आणि एक मिनिट. यंत्रांचा आवाज नाही. समोर माणूसही नाही...

त्याच संध्याकाळी कांताबाईच्या मोरीत कुणीतरी हातपाय धुतले. दमून आलेल्या माणसासारखे, सावकाश. नंतर पाटावर ओल्या पावलांचे ठसे होते.

रुंद. सुगतचे नव्हेत.

ती टेप तुम्हाला पाठवली आहे. पाहिजे होती तशीच, बिनआवाजाची. आता खाली सही-शिक्का करून एवढंच कळवा:

सुगतला सोडवायला त्या मागावर तुमच्यापैकी कोण जाणार?