आजींचा एकतीस मिनिटांचा कॉल

लिफ्ट मधेच अडकली आणि दीपमालाला रडायला निमित्तच मिळालं.

"अहो, घाबरू नका. होईल चालू," कोपऱ्यातला मुलगा म्हणाला.

"लिफ्टसाठी नाही रडत मी!"

"अरेरे... लिफ्टला काय वाटेल!"

रडता रडता ती हसली. तो अभिनव, वरच्या मजल्यावर रिपोर्ट बनवणारा. ती अकोल्याची, येरवड्यातल्या एका मोबाइल कंपनीच्या कॉल सेंटरमध्ये नुकतीच लागलेली. एका कॉलला सरासरी दहा मिनिटं लावते म्हणून निकिता मॅडमनी तिला पुढच्या सोमवारी बोलावलं होतं. नोकरी गेली की सदाशिव पेठेतली खोली सोडून घरी... आणि घरी बाबा स्थळं बघून तयारच होते.

"कालचे शेवटचे पाच कॉल सांगा बघू," तिचं सगळं ऐकून अभिनव म्हणाला.

"चार मिनिटं, चार, पाच, सहा... आणि एक एकतीस."

"एकतीस?"

"मांजरी गावातल्या एक आजी. दुबईच्या लेकीला फोन लावायला शिकत होत्या. मधेच कसा ठेवणार हो?"

तो तिच्याकडे जरा जास्तच वेळ बघत राहिला. मग धुळकट आरशावर बोटानं आकडे लिहू लागला.

"बेरीज पन्नास, भागिले पाच, दहा. पण यात दहाचा कॉल आहे कुठे?"

"अगंबाई, नाहीच!"

"आजींनी सरासरी वर ओढली. ओळीतला मधला कोणता?"

"पाच. म्हणजे मध्यक! आणि चार दोनदा आला... तो बहुलक. शाळेत नुसतं पाठ केलं होतं मी!"

लिफ्ट हलली. दोघांचेही मजले मागे पडले, तरी कुणी उतरलं नाही.

मग सोमवारपर्यंत रोज टपरीवर चहा झाला. महिन्याचे कॉल ओळीत लावायला ती शिकली. पाऊस आला की तो छत्री तिच्याकडे झुकवायचा, स्वतःचा खांदा भिजवायचा.

सोमवारी ती एकटीच आत गेली. "मॅडम, माझे निम्मे कॉल पाच मिनिटांच्या आत संपतात. मोजकेच फार लांबतात. त्यांच्यामुळे सरासरी फुगलीय."

मॅडमनी कागद खालीवर केला. "लांबणारे कॉल यापुढे माझ्याकडे द्या. जा, फोन वाजतोय."

ती बाहेर आली. जिन्यात अभिनव उभा.

"राहिले मी!"

तो मटकन पायरीवरच बसला. "सुटलो बुवा! नाहीतर अकोल्याला यावं लागलं असतं."

"कशाला?"

"तुमच्या बाबांना सांगायला... की स्थळं बघू नका."

तिचे कान तापले. ती त्याच्याशेजारी बसली.

"बाबांचं नंतर बघू," ती हळूच म्हणाली, "आधी मला तर विचारा!"