खडकाकडे तोंड करून

डॉर्कसला आता एकच काम उरलं होतं. चार वर्षांच्या लेकीला, टॅमरला, डोंगर ओलांडून उत्तरेच्या पेनसिल्व्हेनिया राज्यात पोचवायचं, जिथे माणसांचा बाजार भरत नव्हता. गुलामांना सोडवायला कप्तानाने मूठभर माणसांनिशी शस्त्रागारावर धाड घातली, आणि दोन दिवसांत सगळं धुळीला मिळालं. कप्तान पकडला गेला. त्याच्या टोळीत लढणारा डॉर्कसचा नवरा पुलावर पडला, आणि त्याला माती द्यायलाही तिला थांबता आलं नाही.

सोबतीला टोळीतला एनॉक होता. तो क्वेकर, त्याच्या पंथात शस्त्र धरत नाहीत आणि खोटं बोलत नाहीत. त्यातलं पहिलं त्याने कप्तानासाठी मोडलं होतं.

चूल पेटवायची सोय नव्हती. कच्चा मका चावत, ओल्या पानांवरून घसरत तिघं कडेकडेने उत्तरेला चालली होती. एनॉकच्या मांडीत गोळी रुतलेली. शेवटच्या चढावर तो कोसळला, आणि खालून पाठलागावरच्या माणसांची कुत्री भुंकली!

"ऊठ की रे!"

"नाही जमत. तुम्ही निघा. कुठून जाताय ते मात्र मला सांगू नकोस."

"का?"

"विचारलं तर मी खरं सांगेन."

डॉर्कस भडकली. "पुलावर माणूस मारलास ना? मग एक थाप मारायला काय होतंय तुला?"

"एक मोडलं, डॉर्कस. हेही मोडलं तर आईला काय तोंड दाखवू?"

कान दाबून, खडकाकडे तोंड करून तो बसला. असला हट्टी माणूस! डॉर्कसला संताप आला आणि रडूही आलं.

पोर पाठीवर! ओढ्यात उडी! कमरेएवढं गारढोण पाणी. वास तुटावा म्हणून ती पाण्यातूनच वर सरकत राहिली. मागून आवाज आला.

"बाई कुठे गेली?"

"माहीत नाही."

फटका. किंकाळी. "खरंच माहीत नाही!"

"सोड रे, ओळखतो मी याला, क्वेकर आहे तो. खोटं नाही बोलायचा. कुत्र्यांनाही वास लागेना. चला, फासाला हा तरी मिळाला."

डॉर्कसने तोंडात शालीचं टोक कोंबलं आणि ती चालत राहिली.

संध्याकाळी सीमेपलीकडच्या एका शेतकरणीने त्यांना चुलीपाशी बसवून गरम दूध दिलं.

"एनॉककाका कधी येणार?" टॅमरने विचारलं.

डॉर्कसने तिच्या केसांतली पानं काढली. "येतोय. मागूनच येतोय."

टॅमर अर्धं दूध प्यायली आणि उरलेलं तिने त्याच्यासाठी झाकून ठेवलं.