खडूनं लिहिलेलं नाव

मी शिडीवर होतो. एक ब्रश दातांत, एक हातात. तेवढ्यात खालून कुणीतरी म्हणालं, "तुझा ल पडतोय."

मी लाँड्रीची पाटी रंगवत होतो. खाली पाहिलं तर एक मुलगी उभी. हातात लाकडी पेटी, मान वर केलेली आणि भुरभुर पावसाचे थेंब डोळ्यांत जात होते म्हणून पापण्या मिटमिटत होत्या.

"पडतोय म्हणजे?" ब्रश तोंडातून काढून मी विचारलं.

"उजवीकडे झोपतोय. तुझ्या डोळ्याला नंबर आहे."

"माझे डोळे ठणठणीत आहेत."

"मग त्या समोरच्या बसवर काय लिहिलंय?"

"कुठल्या बसवर?"

"तेच म्हणतेय," ती म्हणाली.

ती जाऊन आता वर्ष होत आलं. घरात एकटा असलो की मी हे सगळं पहिल्यापासून आठवतो, आणि रडू यायच्या आधी हसू येतं. त्यासाठीच लिहितोय. मला सजवून लिहिता येत नाही, जसं झालं तसं सांगतो.

ती दूरच्या मुलखातून आलेली. आमची भाषा ती अर्धी शेजारच्या पोरांकडून शिकली होती आणि अर्धी पूर्वी ती काम करायची त्या दवाखान्यातल्या सूचनांवरून. त्यामुळे माणसाला, मग तो कितीही म्हातारा असो, ती 'तू' म्हणायची, आणि दारात मांजर आडवं आलं तर त्याला म्हणायची, "कृपया बाजूला थांबावे." विनोद केला तर तिचं हसू एक क्षण उशिरा यायचं. आधी तो तिच्या भाषेत पोचायचा, मग ओठांवर. त्या एका क्षणाची वाट बघायची मला पुढे सवयच लागली.

लाँड्रीशेजारचा गाळा तिनं चष्म्याच्या दुकानासाठी घेतला होता. तिलाही पाटी हवी होती.

"काय लिहायचं?"

"माझं नाव. आणि खाली, चष्मे."

"नाव काय?"

तिनं सांगितलं.

मी शिडी घट्ट धरली. लाँड्रीवाले दादा दारातच इस्त्री करत होते. दोन्ही गाळे त्यांचेच. ते इस्त्री तशीच शर्टावर ठेवून तिच्याकडे बघत राहिले, जळका वास सुटेपर्यंत.

ते नाव मी इथे लिहीत नाही. कागदावर तुम्हाला आधी शिवीच दिसेल. आमच्या भाषेत ती बाईला द्यायची शिवी आहे. बाई एकटी राहते, कमावते, कुणाला विचारत नाही, हे खुपलं की लोकांच्या तोंडात येते ती. तिच्या भाषेत मात्र त्याचा अर्थ पहाटे सगळ्यांत आधी बोलणारा एक लहानसा पक्षी. दोन्हींचा एकमेकांशी काहीही संबंध नाही. अक्षरं तेवढी तीच.

"माझ्या बाबाचं नाव आहे," ती म्हणाली.

"मुलीला बापाचं नाव?"

"बाबा म्हणजे आईची आई."

"मग बापाला काय म्हणता?"

"टाटा."

मला हसू आवरेना. "आमच्याकडे टाटा म्हणजे... निघालो."

ती एक क्षण थांबली. मग हसली. "बरोबरच आहे. तोही निघूनच गेला होता."

दादा मात्र हसले नाहीत. "हे बघ बाई, माझ्या भिंतीवर शिवी चढणार नाही. एक अक्षर बदल. कुणाचं काय जातंय?"

"माझं जातंय," ती म्हणाली. "दवाखान्यात माझ्या बिल्ल्यावर दुसरं नाव लावलं होतं. छान होतं. पण कुणी हाक मारली की मी मागे वळून बघायचे, कुणाला बोलावतायत म्हणून."

माझ्या कामाची एक रीत होती. रंग लावण्याआधी पाटी खडूनं आखायची आणि एक दिवस तशीच ठेवायची. येणारे-जाणारे वाचतात, काही चुकलं असेल तर सांगतात. खडू पुसता येतो, रंग खरवडावा लागतो. मी म्हणालो, "दादा, मामानं शिकवल्याप्रमाणे आज नुसतं आखतो. रंगवलं तर बोला."

"मामानं? तुझ्या आईला शिडीवर चढता येतं?" तिनं कौतुकानं विचारलं.

"मामा म्हणजे आईचा भाऊ. मिशा आहेत त्याला."

"मिशा असलेली मामा..." आणि मग ते उशिराचं हसू. ती पेटीवर बसूनच हसली.

तिच्या गाळ्याला छज्जा नव्हता. रात्रीच्या पावसानं नाव पुसलं. सकाळी मी पुन्हा आखलं.

"हे काय?" दादांनी विचारलं.

"आखणी. कालची गेली. लोकांनी वाचायला नको?"

त्याच्या दुसऱ्या दिवशीही तेच. पावसाळाभर तेच. रोज सकाळी कामावर जाताना मी खिशात खडू घेऊन यायचो, शिडी लावायचो आणि तिचं नाव लिहायचो. रंगवलेलं नव्हतं, म्हणून दादांना बोलता येत नव्हतं. त्यांनी डोळे वटारले की मी म्हणायचो, "आखणी चालू आहे."

एकदा तिनं खाली शिडी धरत विचारलं, "एवढा खडू कशाला वाया घालवतोस?"

"खडू स्वस्त असतो."

"असेल. पण मग रोज दाढी का करून येतोस?"

मी वेलांटी जरा जास्तच वेळ काढत बसलो.

शेवटी तिनं माझे डोळे तपासलेच. खोलीत अंधार, समोर उजेडाचा फळा, माझ्या नाकावर जड लोखंडी चौकट. ती काच घालायची, काढायची. "हे बरं, की हे?"

"दोन्ही बरं."

"असं चालत नाही. समोर बघ."

"समोरच बघतोय."

"फळ्याकडे. मी फळा नाही."

"आता स्पष्ट दिसतंय. तुमच्या नाकावर पांढरा तीळ आहे."

तिनं बोट लावून पाहिलं. "हा तुझा खडू आहे," ती म्हणाली... आणि तो पुसायचं काही तिच्या मनात दिसेना.

लोक हसायचे, नाही असं नाही. एकानं रस्त्यात उभं राहून ते नाव मोठ्यानं, शिवीच्या सुरात वाचलं. ती दारात आली. "हो, मीच. डोळे तपासायचेत?" तो इतका गोंधळला की खरंच आत जाऊन बसला आणि चष्मा घेऊनच बाहेर पडला. हळूहळू पत्ता सांगताना लोक ते नाव घेऊ लागले. तोंडात ती अक्षरं आली तरी शिवीसारखी थुंकून टाकावीशी वाटेनात त्यांना.

आता मला तिच्याशी लग्न करायचं होतं. तिला विचारायच्या आधी घरी सांगावं म्हणून मी आईजवळ बसलो. आई सुईत दोरा ओवत होती. दोरा जात नव्हता.

"एक मुलगी आहे," मी म्हणालो.

"ते तुझ्या दाढीवरून कळलंय. नाव काय?"

मी सांगितलं. आईनं सुई खाली ठेवली.

"तो शब्द या घरात नको."

"आई, ते तिच्या आजीचं नाव आहे."

"असेल. तुझे वडील गेल्यावर मी कामाला बाहेर पडले, तेव्हा कुणीतरी आपल्या जिन्यात लिहिलं होतं ते. खडूनं. तू लहान होतास, खाली खेळत होतास. तू वर यायच्या आत मी हातानं पुसून काढलं."

मला हे ठाऊक नव्हतं. माझ्या खिशात खडू होता. मी हात खिशात घातला आणि तसाच बसून राहिलो.

सकाळी शिडी न नेता तिच्याकडे गेलो आणि सगळं सांगितलं. ती बराच वेळ एक काच पुसत राहिली.

"मग पाटीवर नुसतं 'चष्मे' लिही," ती म्हणाली.

"का?"

"तुझ्या आईनं एकदा पुसलंय. तिला पुन्हा वाचायला लावायचं नाही."

"आणि तुम्ही?"

"मला... दुसऱ्या नावाची सवय होईल. मागे वळायचं नाही, एवढंच शिकायचं."

मला ते नको होतं. आईला दुखवायचं नव्हतं आणि हिला दुसऱ्याच नावानं घरी न्यायचं नव्हतं. दोन्ही कसं साधायचं ते सुचेना.

मी घरी फक्त तिचं हे बोलणं सांगितलं. दोन-चार दिवसांनी संध्याकाळी मी चष्म्याच्या दुकानात फळी ठोकत होतो, तर दारात आई. हातात सुई-दोरा.

"दोरा जात नाही," आई म्हणाली. माझ्याकडे बघितलंही नाही.

"तू इथे बस. हनुवटी ठेव. घाबरू नकोस," ती म्हणाली.

मी डोळे मिटून घेतले. पण आईच्या आवाजात हसू होतं. "मला तू म्हणते ही. माझी आई गेल्यापासून कुणा बाईनं म्हटलं नव्हतं."

तपासणी झाली. आई उठली नाही. "आजी तुला हाक कशी मारायची?" तिनं विचारलं.

"कशी म्हणजे?"

"जेवायला बोलवत असेल ना? तशी मारून दाखव."

ती मला नजरेनं विचारत होती. मी मान डोलावली. मग तिनं हात तोंडाशी नेला आणि स्वतःलाच हाक मारली. पहिलं अक्षर हलकं, जवळजवळ न ऐकू येणारं, आणि शेवटचं लांब, वर चढत जाणारं, जणू रस्त्याच्या टोकापर्यंत पोचायचंय. शिवीत सगळा जोर पहिल्याच अक्षरावर असतो. हे काहीतरी वेगळंच होतं.

"पुन्हा," आई म्हणाली.

तिनं पुन्हा मारली. आईचे ओठ हलले, पण आवाज निघाला नाही. "मला नाही जमायचं," असं म्हणून ती उठली आणि गेली.

पाऊस थांबला होता. आता खडू पुसला जात नव्हता, नुसता वाळून उडत होता, आणि दादांच्या धुतलेल्या पांढऱ्या चादरींवर बसत होता. एके दिवशी ते झटकणं हातात घेऊन आले. "रंगव बाबा एकदाचं!"

"शिवी आहे ना पण?"

"कसली शिवी? चष्मेवालीचं नाव आहे ते," ते वैतागून म्हणाले. त्यांना स्वतःलाही ते बोलल्यावरच कळलं असावं, कारण मग ते चादरी झटकत घाईघाईनं आत गेले. त्या माणसाचे मी नंतर कितीदा आभार मानले, आणि दर वेळी तो मला म्हणायचा, "कशाबद्दल?"

तरी मी रंगाचा डबा उघडला नाही; आईच्या तोंडून ते नाव अजून निघालं नव्हतं. आईचा चष्मा तयार झाला होता. मी आईला म्हणालो, "मी घरी घेऊन येतो."

"तू नको," आई म्हणाली. "तिलाच घेऊन यायला सांग. जेवायलाच येऊ दे."

ती आली तेव्हा मी खिडकीत उभा होतो. आमची गल्ली अरुंद, दारं सगळी एकसारखी. ती चष्म्याची डबी छातीशी धरून एकेका दाराकडे बघत येत होती. मी हाक मारणार, तेवढ्यात आईनं मला खांद्यानं बाजूला सारलं, खिडकीतून कंबरेपर्यंत बाहेर वाकली आणि तिला नावानं हाक मारली.

पूर्ण गल्लीनं ऐकलं. समोरच्या दोन खिडक्या उघडल्या. पायरीवर बसलेल्या म्हाताऱ्यानं पेपर खाली केला.

"काय बघताय?" आई त्यांना म्हणाली. "माझ्या घरी पाहुणी येतेय." आणि तिनं पुन्हा हाक मारली, कारण पहिली तिच्या मनासारखी झाली नव्हती. या वेळी शेवटचं अक्षर लांबलं, वर चढलं आणि गल्लीच्या टोकापर्यंत गेलं.

मी जिना कसा उतरलो मला आठवत नाही. ती गल्लीच्या मधोमध उभी होती. वर बघत होती आणि डोळे पुसत नव्हती.

मी खूप ठरवून ठेवलं होतं, काय बोलायचं, कसं बोलायचं. त्यातलं काहीच आलं नाही. मी तिला तिच्या नावानं हाक मारली, पहिल्यांदाच, आणि म्हणालो, "माझ्याशी लग्न करशील?"

'तू' म्हणालो हे मला नंतर कळलं. तिला लगेच कळलं असावं.

"करीन ना," ती म्हणाली, आणि न बघताच माझा हात धरला. "पण जरा थांब. तिला अजून एकदा हाक मारू दे."

आम्ही दोघं गल्लीत उभे राहिलो. वर आईनं श्वास घेतला.