चाळिसावं घर

खर्जमास्तरांना गप्प बसण्याचाच पगार मिळतो, हा वाद्यवृंदातला फार जुना विनोद होता, आणि त्यात थोडं तथ्यही होतं. डबल बास, म्हणजे माणसाहून उंच, खर्जातलं व्हायोलिन, वाजवणाऱ्याच्या वाट्याला सूर कमी आणि वाट पाहणं जास्त. स्वरलिपीच्या कागदावर उभ्या रेघांनी घरं पाडलेली असतात, एकेका घरात चार मात्रा. व्हायोलिनची घरं सुरांनी गच्च भरलेली, बासची बरीचशी रिकामी. ती मनातल्या मनात मोजायची आणि नेमक्या जागी गज टेकवायचा. एकोणतीस वर्षं मास्तर हेच करत आले होते. त्यांची मोजणी एकदाही चुकली नव्हती, आणि याचा गर्व ते लपवतही नसत.

शिकवतानाही त्यांचा एकच हेका असे : आधी श्वास, मग गज. पहिल्या स्टँडवरच्या मुख्य वादकाने, म्हणजे मास्तरांनी, प्रवेशाच्या अर्धी मात्रा आधी ऐकू येईल असा श्वास घ्यायचा आणि त्यावर बाकीच्या सातही बासनी एकदम उतरायचं.

त्यांच्या शिष्यांपैकी वाद्यवृंदापर्यंत पोचली ती एकटी चिमणी. हे नाव त्यांनीच ठेवलेलं. अकरा वर्षांची असताना ती वाद्यामागे उभी राहिली की नुसते पाय दिसत. आता ती त्यांच्या शेजारी, त्यांच्याच स्टँडवर बसत होती. तिचं उमेदवारीचं वर्ष संपत आलं होतं. रविवारच्या दुपारच्या कार्यक्रमानंतर तिला कायम करायचं की घरी पाठवायचं, हे समोर उभं राहून वाद्यवृंद चालवणारे संचालक ठरवणार होते. मास्तरांना पोटच्या पोरीसारखी तिची काळजी लागली होती.

आणि मंगळवारच्या तालमीत ती चुकली. चाळीस रिकाम्या घरांनंतर बासचा प्रवेश होता. ती एक घर आधीच खणखणीत वाजवून मोकळी झाली.

संचालकांनी हात थांबवला. "कुठे निघालात? गाडी चुकतेय का?"

सगळे हसले. मधल्या सुट्टीत मास्तरांनी तिला गाठलं.

"काय गं, मोजायला विसरलीस?"

"मोजलं होतं, सर. पण तुम्ही श्वास घेतलात."

"मी? इतक्या आधी मी कशाला घेऊ?"

"अगदी स्पष्ट ऐकू आला."

मास्तरांनी ते हसण्यावारी नेलं. तरी बुधवारी त्यांनी ओठ घट्ट मिटून घेतले आणि तिला दिसावं म्हणून गुडघ्यावर बोटांनी घरं मोजली. चिमणी पुन्हा आधी आली. तिच्याबरोबर मागच्या स्टँडवरचा टकल्याही आला. इशारा मिळाल्याशिवाय गज न हलवणारा तो जुना गडी.

"अहो, तुम्हीच तर इशारा दिलात," तो म्हणाला. खोटं बोलायला त्याला काहीच कारण नव्हतं.

शुक्रवारी तो त्यांनाही ऐकू आला. लांब, सावकाश, नाकातून घेतलेला श्वास. शेवटी बारीकशी शिट्टी. या शिट्टीवरून बायको त्यांची थट्टा करायची, त्यामुळे श्वास कोणाचा याबद्दल त्यांना शंकाच उरली नाही. त्या वेळी त्यांनी स्वतः दम कोंडून धरला होता. सातही बास वाजले. एकटे मास्तर थांबले.

"रविवारी असं झालं तर या मुलीचा विषय संपला," संचालक सगळ्यांदेखत म्हणाले.

रविवारी मंचावर जाण्याआधी मास्तरांनी चिमणीचं मनगट धरलं. "इकडचं जग तिकडे झालं तरी फक्त माझी बोटं बघायची. श्वासावर जायचं नाही."

"हो, सर." तिचा हात गार होता.

तिच्यापेक्षा मास्तरच जास्त घाबरले होते. त्यांनी मोजायला सुरुवात केली.

अडतीस.

एकोणचाळीस.

श्वास आला.

चिमणी वाजवू लागली. मागचे सहाही वाजवू लागले. संपलं सगळं, असं म्हणत मास्तरांनी वर पाहिलं.

संचालकांचा हात बासकडेच वळलेला होता. ते समाधानाने हसत होते. व्हायोलिनही त्याच क्षणी पुढच्या सुरावर गेले होते, आणि कर्णे, आणि नगारा.

मास्तरांचा गज एका घरानंतर टेकला. एकटाच. पहिल्या रांगेतल्या दोन बायका वळून बघू लागल्या.

मध्यंतरात संचालक आले. त्यांनी चिमणीच्या पाठीवर थाप मारली. "उत्तम. कायम झालीस असं समज." मग ते आवाज उतरवून म्हणाले, "मास्तर, एकोणचाळीस घरं मोजणं आता जड जातं का?"

मास्तरांनी कागद डोळ्यांजवळ नेला. छापील आकडा एकोणचाळीस होता. शुक्रवारपर्यंत तिथे चाळीस होता, हे ते शपथेवर सांगू शकले असते. भोवती पेन्सिलीचा गोल, त्यांच्याच हातचा, कित्येक वर्षं बोट लागून पुसट झालेला.

त्यांना रडू येईल असं वाटलं. पोरगी तरली, याचा आनंदसुद्धा त्यांना धड होईना.

"असू दे, सर," चिमणी हळूच म्हणाली. "आता माझ्या श्वासावर या. मी सांभाळून घेते."

उत्तरार्धात एकोणतीस वर्षांत पहिल्यांदाच मास्तरांनी मोजलं नाही. ते नुसते तिच्याकडे बघत राहिले.

श्वास आला.

शेवटी तीच बारीकशी शिट्टी, आणि मास्तरांनी तर तो घेतलाच नव्हता. चिमणीचे ओठ मिटलेले होते. खांदे हलले नव्हते. ती मास्तरांच्याच तोंडाकडे बघत होती.

आठही गज एकदम टेकले.