चांदी फुटत नाही

भैरोबाचा मुखवटा पालखीतून निसटला, देवळाच्या पायरीवर आपटला आणि त्याचे तीन तुकडे झाले.

गर्दी पुढे सरकली. पुजारी नाथाजी गुरव खाली वाकले आणि तसेच थबकले.

"चांदी फुटत न्हाई," ते म्हणाले. "चांदी चेपती."

उपनिरीक्षक संयोगिता निकम बंदोबस्तालाच होत्या. चार दिवसांत कोरेगाव तालुक्यातली ही तिसरी यात्रा. पायांत गोळे आले होते. त्यांनी एक तुकडा उचलला. वरून चांदीचा पातळ थर; आत करडा, खडीसाखरेसारखा दाणेदार धातू.

"देवळाची किल्ली कुणाकडं असते?"

"माझ्याकडं," नाथाजी म्हणाले. "फकस्त माझ्याकडं."

सगळ्या माना त्यांच्याकडे वळल्या.

तुकडे त्याच दिवशी कराडच्या एका प्रयोगशाळेत गेले. दुसऱ्या सकाळी संयोगिता देवस्थानचे सचिव आप्पासो यांच्या कोरेगावातल्या फ्लेक्सच्या दुकानात पोचल्या. फ्लेक्सच्या पाटीमागून जुन्या मुद्रणालयाची पाटी अर्धवट दिसत होती. पंख्यानं उडू नयेत म्हणून टेबलावरच्या कागदांवर दोऱ्यानं बांधलेला छपाईच्या खिळ्यांचा, म्हणजे धातूच्या सुट्या अक्षरांचा, गठ्ठा ठेवला होता.

"लग्नपत्रिका छापायचो आमी," आप्पासो म्हणाले. "वडलांपासनं. आता कोण खिळे जुळवतंय? सगळे मोडीत घातले. हे तेवढे ठेवलेत."

"मुखवटा देवळाबाहेर कधी गेला होता?"

"एकदाच, माघात. सांगलीला चिंतामण सोनारांकडं उजाळा द्यायला मीच नेला."

"परत कधी आणला?"

"उजाळा झाला तसा लगेच."

"त्यानंतर वजन केलं?"

"पाडव्याला, पंचांसमोर. बरोबर भरलं." आप्पासोंनी आवाज उतरवला. "बोलू नये, पण नाथाजीचा पोरगा साताऱ्यात बॅटरीच्या दुकानात हाय. यशराज. तिथं शिसं पोत्यानं पडलेलं असतंय."

संयोगितांनी नाव लिहून घेतलं. डोळे चुरचुरत होते.

दुपारी प्रयोगशाळेतून ऋचा कुलकर्णींचा फोन आला.

"शिसं आहे मॅडम. त्यात अँटिमनी मिसळलंय."

"ते कशात वापरतात?"

"बॅटरीच्या प्लेटांतसुद्धा वापरतात. नुसतं शिसं मऊ असतं, अँटिमनीनं कडक होतं. पूर्ण अहवाल उद्या देते."

संयोगिता उद्यापर्यंत थांबल्या नाहीत. सगळं जुळत होतं, आणि त्या फार थकल्या होत्या. संध्याकाळी यशराजला उचललं.

सकाळी नाथाजी ठाण्याच्या बाकावर बसलेले होते. गावानं त्यांच्याकडून किल्ली काढून घेतली होती.

"माझ्या हातचा अंगारा बी आता कुणी घेत न्हाई," ते म्हणाले. "पर मॅडम, एक सांगायचं राह्यलं. सांगलीहून आल्यापासनं मुखवट्याचा आवाज बदलला व्हता. आधी टिचकी मारली की घुमायचा. नंतर बद्द यायचा."

"कुणाला सांगितलं होतंत?"

"आप्पासोंना. म्हणले, तुझं कान गेलं म्हाताऱ्या."

संयोगितांनी तेवढं वहीत लिहून घेतलं. मग जीपची किल्ली घेतली.

कराडला ऋचानं अहवाल पुढे सरकवला.

"शंभरात बारा भाग अँटिमनी, चार भाग कथील. बॅटरीच्या शिशात एवढं अँटिमनी नसतं, कथील तर नावालाच."

"हे अँटिमनी म्हणजे नक्की काय?"

"धातुसदृश म्हणतात त्याला. धड धातू नाही, धड अधातू नाही. चमकतं चांदीसारखं, पण हातोडी मारली की भुगा. शिसं चांदीपेक्षा जड, अँटिमनी हलकं. या प्रमाणात मिसळलं की वजन चांदीच्या जवळपास जातं."

"म्हणून काट्यावर कळलं नाही."

"हो. आणि हे बघा." ऋचानं भिंगाखाली तुकडा धरला. भुवईची रेघ न् रेघ उठून आली होती. "ओतलेले धातू थंड होताना आकसतात, बारीक रेघा बुजतात. अँटिमनी गोठताना उलट किंचित फुगतं. त्यामुळे या मिश्रणानं साच्यातला कोपरा न् कोपरा भरतो. पूर्वी याचा उपयोग..."

"कळलं," संयोगिता म्हणाल्या.

जीपमधून त्यांनी सांगलीला फोन लावला.

"चिंतामणकाका, मुखवटा तुमच्याकडे आला तेव्हा चांदीचाच होता?"

"अस्सल. मी स्वतः कस लावून पाहिला. मंगळवारी आप्पासो घेऊन गेले. तारीख आहे माझ्याकडे."

देवळाच्या वहीत मुखवटा जमा झाला होता तो शनिवारी.

संध्याकाळी आप्पासो दुकानात एकटेच होते. संयोगिता खुर्चीत बसल्या. उभं राहायची ताकद नव्हती.

"मंगळवार ते शनिवार मुखवटा तुमच्याकडे होता," त्या म्हणाल्या. "चार दिवस. प्लॅस्टरचा साचा घेतलात. छपाईचे खिळे शेगडीवर वितळतात. शिसं, अँटिमनी, कथील. अक्षराची कड धारदार उठावी म्हणून मुद्दाम बनवलेलं मिश्रण. वजन थोडं कमी भरलं असेल, ते भरून काढायला मागून जाडी वाढवलीत. मग चांदीचं पाणी चढवलंत."

"खिळे मी मोडीत घातले, सांगितलं न्हवं?"

"हा गठ्ठा तपासायला पाठवते. काय निघेल?"

आप्पासोंनी गठ्ठ्यावर हात ठेवला.

"नाथाजींनी आवाज बदलल्याचं फक्त तुम्हाला सांगितलं. तुम्ही ते दाबलंत. आणि काल सकाळी तुम्ही मला शिसं म्हणालात. तेव्हा आत कुठला धातू आहे ते प्रयोगशाळेलाही माहीत नव्हतं. माझं तिकडे लक्ष गेलं नाही. ती माझी चूक."

आप्पासोंनी गठ्ठ्यावरचा हात काढून घेतला.

"चांदीचा भाव चढला आन् डोकं फिरलं," आप्पासो शेवटी म्हणाले. "दोनदा विकायला नेला. घेणारा म्हणला, ठोकून चपटा करून आणा. घरी आलो. हातोडी उचलंना."

"कुठं आहे?"

त्यांनी मागच्या खोलीकडे बोट केलं. खिळ्यांच्या लाकडी खणात, जुन्या लग्नपत्रिकांखाली मुखवटा होता. संयोगितांनी टिचकी मारली. आवाज खोलीभर घुमला.

"देवावर तुमची हातोडी उचलली नाही," त्या म्हणाल्या. "नाथाजींच्या पोरावर बोट मात्र उचललंत."

आप्पासो विखुरलेल्या लग्नपत्रिका खणात परत रचू लागले.

यशराजला सोडायचे कागद व्हायला वेळ लागला. नाथाजी त्याच बाकावर होते. संयोगितांनी त्यांच्यासमोर मुखवटा ठेवला, पण हातात दिला नाही.

"हा आता पुरावा आहे, नाथाजी. कोर्टाचा हुकूम होईपर्यंत इथंच राहील. किती दिवस, सांगता येत नाही. मी अर्ज करते." त्या थांबल्या. "आणि यशराजच्या बाबतीत मी घाई केली."

नाथाजींनी लांबूनच हात जोडले. चेहऱ्यावर राग नव्हता, आनंदही नव्हता.

"मुखवट्याखाली देव दगडाचाच हाय, मॅडम," ते म्हणाले. "तो थांबल. माझं पोरगं कालपासनं जेवलं न्हाई. त्याला आदी बाहेर आना."