तिसरी मात्रा

त्या बुधवारी बाबा गणवेश शिवणाऱ्या एका बाईंचं मशीन उघडून बसले होते. टाका मध्येच सुटत होता. त्यांनी सुई पाहिली, धागा पाहिला, शटल काढून फडक्याने पुसलं आणि म्हणाले, "सगळे म्हणतात आम्ही ठीक आहोत. मग खोड कुणाची?"

मुलगी समोरच्या स्टुलावर प्रुफं तपासत होती. आई गेल्यापासून बुधवारची दुपार ती दुकानातच काढायची. एक लाल पेन, चहाचा थर्मास, आणि दोघांचं फारसं न बोलणं.

रेडिओवर कुठल्याशा नव्या पोरांचं गाणं लागलं. ड्रम सुरू झाला: एक, दोन, मग रिकामी जागा, आणि चार.

"आणखी एक," बाबा म्हणाले. "एक लंगडला आणि गावाने ती चाल उचलली."

तरुणपणी बाबा एका रॉक बँडमध्ये ड्रम वाजवत. सराव जिन्याखाली चालायचा म्हणून बँडचं नाव 'जिना' आणि बाबांचं नाव ठोक्या. चौघं जण, अकरा महिने, एक तबकडी. मग बँड फुटला, दोघं परदेशी गेले, बाबा शिलाई मशीनं दुरुस्त करू लागले. तबकडी मात्र मेली नाही. तिच्यातला तो ठेका, तिसरी मात्रा गाळून चौथीवर उडी घेणारा, आधी एकाने उचलला, मग दहांनी. आता तो इतक्या गाण्यांत होता की मूळचा कुणाचा हे विचारायचंही कुणाला सुचत नसे. कुणी विचारलंच तर बँडचा गायक उत्तर द्यायला बसलेलाच होता. चौघांतला तोच एक मोठा झाला, इतका, की त्याच्यावर कुणाची मात्रा चालत नसे.

खरं काय ते आईने तिला सांगितलं होतं. रेकॉर्डिंगच्या सकाळी गायकाशी वाद झाला. बाबा दाराच्या चौकटीला डावा हात टेकून उभे होते. गायकाने हाताकडे पाहिलं, बाबांकडे पाहिलं, आणि सावकाश, जोर लावून दार ओढून घेतलं. अंगठा तेवढा वाचला. स्टुडिओ अर्ध्या दिवसापुरताच मिळाला होता. तिसरा ठोका डाव्या हाताचा. तो हात उचलेना. बाबांनी ती जागा मोकळी सोडली आणि बाकीचं उजव्या हाताने निभावून नेलं.

लहानपणी तिला ताल शिकवतानाही ते "एक, दोन, चार" असंच मोजत. एकदा ती मधलं म्हणायला गेली, तर त्यांनी तो वाकडा हात तिच्या तोंडावर ठेवला. "ती नको. ती राखून ठेवलीय." कशासाठी, ते त्यांनी सांगितलं नाही. त्यानंतर ती तो आकडा त्या मोजणीत कधीच बोलली नाही.

गाणं संपल्यावर बाबांनी खण उघडला आणि गायकाचं आत्मचरित्र टेबलावर ठेवलं, मुद्रितशोधक म्हणून तिचं नाव छापलेलं पान वर करून. तिच्या कानशिलांत गरम झालं. दोन वर्षांपूर्वी त्या पुस्तकाची प्रुफं तिनेच तपासली होती आणि घरी अवाक्षर काढलं नव्हतं. त्यात गायकाने लिहिलं होतं, 'हा ठेका माझा. तिसरी सोड, असं ठोक्याला मीच सांगितलं.' अक्षरं जुळवणाऱ्याच्या चुकीने प्रुफात ते 'हा ठका माझा' असं आलं होतं. तिने काकपदाची खूण काढून लाल शाईने मात्रा घातली होती. ठकाला ठक म्हणणारं तेवढं एकच अक्षर, तेही तिने सुधारलं.

"छान तपासलंयस," बाबा म्हणाले. "एकही मात्रा सुटलेली नाही."

आवाजात राग नव्हता. त्यांनी मशीनला तेल घातलं, चाक फिरवून पाहिलं, टाका आता सुटत नव्हता.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते उठले नाहीत.

तीन आठवड्यांनी ती दुकान आवरायला गेली. ऊन डोक्यावर होतं. शटर अर्धं ओढून तिने फळीवरची तबकडी लावली. एक, दोन.

आवाज आला.

ड्रमचा नव्हता. जाड लाकडी दार चौकटीवर बसल्याचा होता, आणि मध्ये काहीतरी मऊ आडवं आलं होतं. मग चार, आणि गाणं नेहमीसारखं पुढे निघालं.

दुकानाला दार नव्हतं. नुसतं शटर होतं.

ती वाचलेल्यावर विश्वास ठेवणारी होती, ऐकलेल्यावर नाही. तिने सुई पुन्हा मागे आणली. पाच वेळा ऐकलं. पाचही वेळा ती जागा रिकामीच होती.

दुसऱ्या दिवशी सकाळच्या वर्तमानपत्रात आतल्या पानावर बातमी होती: गाडीच्या दारात सापडून गायकाच्या डाव्या करंगळीला दुखापत. दौरा लांबणीवर.

पुढच्या बुधवारी तिने तबकडी पुन्हा लावली. पडताळा म्हणून, असं ती स्वतःला म्हणाली. पण सुई ठेवण्याआधी तिने आत्मचरित्राचं ते पान उघडून समोर ठेवलं होतं.

एक, दोन. पुन्हा तोच दाराचा आवाज, आणि या वेळी मशीनच्या खणातल्या सुयाही खुळखुळल्या.

दोन दिवसांनी गायकाचा फोन आला. ठोक्याच्या आठवणीत कार्यक्रम करतोय, म्हणाला, दुपारी चारला, तू यायचंस, मोजून सुरुवात तूच करून द्यायचीस. आवाज थकलेला होता. करंगळीशेजारचं बोटही गेलं, परवा न्हाणीघराच्या दारात, आणि वारा म्हणशील तर पानही हलत नव्हतं, असंही त्याने न विचारता सांगितलं.

सभागृहाच्या मागच्या खोलीत तो आरशासमोर बसला होता. खोलीला दार नव्हतं. चौकटीवर बिजागऱ्यांचे ताजे ओरखडे होते. बाहेरच्या भिंतीला दोन दारं टेकून ठेवलेली दिसत होती.

"ये पोरी. डोळे अगदी बापाचे घेतलेस."

"काका, दारं कुणी काढली?"

"काढायला लावली. घरचीही काढली. या वयात बायकोशी जमतं, दारांशी जमत नाही." तो हसला, आणि पट्टी बांधलेला हात त्याने मांडीखाली घेतला. "तर तू असं मोज: एक, दोन, चार. तिसरी गाळायची. मीच शिकवलं होतं त्याला."

तिने शबनममधलं लाल पेन चाचपलं. ही शेवटची प्रुफं, असं तिला वाटलं. चूक दुरुस्त करायची संधी लेखकाला एकदा द्यायलाच हवी.

"काका, बाबांच्या हाताला काय झालं होतं?"

गायकाने आरशातून तिच्याकडे पाहिलं.

"कुणाला आठवतंय आता," तो म्हणाला. "मशीनबिशीनमध्ये सापडला असेल."

सभागृह भरलं होतं. पुढच्या रांगांत तो ठेका उचलून मोठी झालेली पोरं बसली होती. कुणीतरी गौरवाने बोललं. मग सगळे गप्प झाले.

गायक पियानोपाशी बसला. उरलेली बोटं त्याने पट्ट्यांवर ठेवली. पट्ट्यांच्या वरचं झाकण, काळं, जाड लाकडाचं, मागे उघडं टेकलेलं होतं. पितळी बिजागऱ्यांवर.

सगळी दारं काढताना हे एक त्याच्या लक्षात राहिलं नव्हतं.

तिने माइक जवळ घेतला. ओठांवर काहीतरी थंड टेकल्यासारखं वाटलं, मशीनच्या तेलाचा वास आला, आणि मग तो वाकडा हात सावकाश बाजूला झाला.

"एक," ती म्हणाली. "दोन."

गायकाने मान डोलावली. झाकण किंचित हललं.

"तीन."